मडक्यातला नारळ

“खोत मॅडम, नारळ म्हणजे नारळच ना? का नारळासारखं दुसरं काही?”

नेरलेकर सरांनी माझ्या खुर्चीच्या पाठीवर दोन्ही हात टेकले होते आणि मान इतकी पुढे काढली होती की त्यांच्या चष्म्याची काडी माझ्या कानाला लागत होती.

“नारळच आहे सर,” मी म्हणाले. “पण ही नुसती पहिली यादी आहे. अजून बरंच तपासायचंय.”

“तपासा की. नाही कोण म्हणतंय?” असं म्हणत त्यांनी खिशातून फोन काढला आणि तिथूनच एका संपादकांना लावला. “अहो, बसलाय ना नीट? मग ऐका. आपल्या तांबुळखेडच्या मडक्यात नारळ सापडला! दोन हजार वर्षांपूर्वीचा!”

म्हणजे तपासायला मी मोकळी आणि जाहीर करायला ते. कामाची अशी सुरेख वाटणी आमच्या संस्थेत पहिल्यापासून होती.

संस्था मराठवाड्यातल्या एका जिल्ह्याच्या गावी. डॉ. नेरलेकर तिचे संचालक. तिथून तासाभरावर तांबुळखेड, आणि गावाबाहेर पांढरीची टेकडी, म्हणजे जुन्या वस्तीची माती साचून झालेला उंचवटा. तिथल्या खोदकामात सातवाहनांच्या काळातली मडकी निघाली होती. मडक्याला आतून चिकटलेली माती खरवडायची, तिच्यात उरलासुरला डीएनए असेल तो काढायचा आणि यंत्रात घालून वाचायचा. यंत्र लाखो बारीक तुकडे वाचून देतं, पण कुठला तुकडा कुणाचा हे काही ते सांगत नाही. ते सांगणारं सॉफ्टवेअर मी लिहिलं होतं. ज्या ज्या झाडाचा, प्राण्याचा, जंतूचा जीनोम, म्हणजे संपूर्ण डीएनए, माहीत आहे त्या प्रत्येकाशी ते एकेक तुकडा ताडून बघायचं आणि यादी काढायचं. माझी नेमणूक अकरा महिन्यांच्या करारावर होती. दर अकरा महिन्यांनी करारात एक दिवसाचा खंड असे. त्या दिवशी संस्था मला ओळखत नसे, दुसऱ्या दिवशी पुन्हा नव्याने ओळख व्हायची. त्यामुळे माझ्या मताला वजन किती, हे मला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

त्या दिवशीच्या यादीत सगळ्यात वर हुलगे, म्हणजे कुळीथ, होते. बरंच खाली नारळ आणि त्याच्या खाली हळद. सरांचं बोट हुलग्यांवर न थांबता सरळ खाली आलं होतं.

“नारळ आणि हळद!” फोन ठेवून ते म्हणाले. “काही लक्षात येतंय का? अहो, ही पूजा आहे! समुद्र कुठे, तांबुळखेड कुठे! कोकणातून घाट चढून नारळ येतोय, त्याची इथे पूजा होतेय. व्यापार आणि संस्कृती, दोन्ही एका मडक्यात!”

“आणि हुलगे, सर?” राजश्रीने विचारलं.

“हुलगे काय, घोडेसुद्धा खातात.”

राजश्री वाघमोडे सरांची पीएचडीची विद्यार्थिनी. मडकी तिने खरवडली होती, डीएनए तिने काढला होता. सकाळी एका कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवायचं आणि दुपारी एसटीने आमच्याकडे यायचं, असं तिचं सहा वर्षं चाललं होतं. प्रबंधाचं शेवटचं प्रकरण तेवढं या यादीसाठी अडलं होतं. विद्यापीठाने दिलेली शेवटची मुदतवाढ त्या महिनाअखेरीस संपणार होती. तोवर प्रबंधावर मार्गदर्शकाची सही झाली नाही तर नोंदणी रद्द, आणि सहा वर्षं पाण्यात. मार्गदर्शक अर्थातच नेरलेकर सर.

“शेवटचं प्रकरण नारळावर लिहा,” सरांनी जागच्या जागी निकाल दिला. “येत्या रविवारी तांबुळखेडला कार्यक्रम लावतो. आमदारांच्या हस्ते संग्रहालयाचं भूमिपूजन. तुम्ही पाच मिनिटं बोला, खोत मॅडम स्लाइड लावतील. मग सही काय, तुमचीच आहे.”

राजश्री ‘हो सर’ म्हणाली. सहा वर्षांत तिचे हेच दोन शब्द सर्वांत जास्त वापरले गेले होते.

दोन दिवसांनी मी उरलेलं तपासायला बसले. राजश्री शेजारी डबा उघडून बसली होती. जुना डीएनए ओळखायची एक खूण असते. जुनं लुगडं जसं आधी काठाला विरतं, तसे जुन्या डीएनएचे तुकडे टोकांना खराब होतात. टोकाशी एका ठरावीक अक्षराच्या जागी दुसरंच अक्षर वाचलं जातं. हे किती वेळा होतं ते मोजून ग्राफ काढला की जुन्या डीएनएची रेघ दोन्ही टोकांना वर उचललेली दिसते. हुलग्यांची रेघ अशी छान वर उचललेली होती. अगदी पुस्तकात छापावी अशी. मग मी नारळाचा ग्राफ काढला.

“ताई, याची रेघ अशी सरळ का?” राजश्रीने विचारलं.

“कारण हा नारळ ताजा आहे.”

“ताजा म्हणजे?”

“चटणी करता येईल इतका.”

तिने हातातला घास डब्यात परत ठेवला. “आणि हळद?”

“तीही ताजी.”

तिने डबा बाजूला सारला. मग अगदी हळू म्हणाली, “ताई, क्लीन रूमच्या उद्घाटनाला तुम्ही नव्हता ना?”

“नव्हते. त्या दिवशी संस्था मला ओळखत नव्हती.”

क्लीन रूम ही आमच्या संस्थेची शान होती. जुन्या मातीत आजचा कुठलाही डीएनए मिसळू नये म्हणून बांधलेली खोली. आत जायचं तर अंगभर पांढरा झगा, तोंडाला मास्क, पायांत पिशव्या, हातमोज्यांवर आणखी हातमोजे. आत गाळलेली हवा. एक केस पडला तरी सर आठवडाभर भाषण द्यायचे.

“पूजा बाहेरच करायची होती,” राजश्री सांगू लागली. “पण उंबऱ्याशी नवी फरशी बसवलेली. तिला तडा जाईल म्हणून सर नारळ आत घेऊन आले.”

“आत?”

“ओट्याच्या लोखंडी पायावर फोडला.”

“कुठल्या ओट्याच्या?”

“मी माती खरवडते त्या.” तिने हात हवेत फिरवला. “पाणी सगळीकडे उडालं. मग यंत्राला हळदकुंकू लावलं. पण ताई, सगळ्यांनी झगे घातले होते. मास्कही होते. प्रसाद खाण्यापुरते तेवढे खाली केले.”

“आणि तू माती खरवडायला लागलीस कधी?”

“दुसऱ्याच दिवशी. सर म्हणाले, मुहूर्त लागलाय तर कामाला लागा.”

मी हसत सुटले. मला थांबवता येईना. सरांचं अनुमान शंभर टक्के बरोबर होतं. पूजा झालीच होती. काळ ठरवताना तेवढी दोन हजार वर्षांची गफलत झाली होती. राजश्री मात्र हसत नव्हती. तिच्याकडे बघितलं आणि माझं हसू विरलं. नारळ गेला तर प्रकरण गेलं, कार्यक्रम गेला, सही गेली.

“रिकामी नळी बघू या का?” तीच म्हणाली.

ही रिकामी नळी तिची स्वतःची शिस्त होती. माती घातलेल्या नळ्यांबरोबर एक नळी मातीशिवाय, अगदी शेवटपर्यंत सगळ्या प्रक्रियांतून न्यायची. खोलीत, पाण्यात, रसायनांत काही भेसळ असेल तर ती या नळीत सापडते. सरांना हा प्रकार कधी पटला नव्हता. “रिकाम्या नळीत काय बघायचंय? घरी रिकामं पातेलं गॅसवर ठेवता का?” असं विचारून त्यांनी त्या नळीचा डेटा बघायला वेळ घालवायचा नाही, असं मला बजावलं होतं. डेटा पडून होता. मी सॉफ्टवेअर लावलं आणि आम्ही दोघी डबा संपवून वाट बघत बसलो.

रिकाम्या नळीत थोडा माणूस निघाला, थोडी हळद निघाली आणि भरपूर नारळ निघाला. हुलगा मात्र एकही नाही.

दोन्ही ग्राफ आणि ती यादी घेऊन आम्ही सरांच्या केबिनमध्ये गेलो. टेबलावर रविवारच्या कार्यक्रमाच्या फलकाचा नमुना पसरलेला होता. टेकडीच्या मागून सूर्य उगवावा तसा नारळ उगवत होता. सरांनी माझं म्हणणं शेवटपर्यंत ऐकून घेतलं, आणि मला क्षणभर आशा वाटली.

“तुमचं सॉफ्टवेअर चुकत असेल,” ते म्हणाले.

“नारळ सापडला तेव्हा ते बरोबर होतं, सर.”

“तेव्हा त्याने काम केलं होतं. आता ते शंका काढतंय.”

“सर, रिकाम्या नळीतसुद्धा नारळ आहे,” राजश्री म्हणाली.

“रिकाम्या नळीत काही असेल तर ती रिकामी कशी? म्हणजे तुमची नळीच चुकली.”

या युक्तिवादावर मी आजही विचार करते. त्यात खोट सापडत नाही, आणि तोच त्याचा दोष आहे.

“सर, क्लीन रूमच्या उद्घाटनाला जो नारळ—” राजश्रीने सुरुवात केली.

“तो मी फोडला होता.”

सर आमच्याकडे बघत होते, आम्ही फलकाकडे.

“म्हणजे तुमचं म्हणणं, हे माझ्यामुळे झालं?”

नाही म्हणणं खोटं झालं असतं, आणि हो म्हणायला तिची सही आडवी होती, माझा करार होता.

“असं करा,” सर एकदम मवाळ झाले. “हा ग्राफ पुरवणीत टाका. अगदी शेवटच्या पानावर. लपवलं असं कुणी म्हणायला नको. पुरवणी कुणी वाचत नाही. मी स्वतः आजवर एकही वाचलेली नाही.” मग राजश्रीकडे वळून, बोटं मोजल्यासारखं करत म्हणाले, “वाघमोडे, रविवारी नारळ. सोमवारी सही. आलं लक्षात?”

“हो सर,” राजश्री म्हणाली.

बाहेर आल्यावर मी तिला म्हणाले, “मी दोन फायली करते. एक नारळाची, एक खरी. कुठली लावायची ते तू ठरव. मी काही बोलणार नाही.”

“ताई, तुम्ही माझ्या जागी असता तर?”

“मी तुझ्या जागी नाही, म्हणून तर दोन फायली करता येतायत.”

रविवारी तांबुळखेडमध्ये लग्नासारखा मांडव होता. टेकडीच्या पायथ्याशी खुर्च्या मांडलेल्या, गॅदरिंगला लावतात तसला पांढरा पडदा, आणि कमानीला नारळांची तोरणं. मी लॅपटॉप जोडत असताना सरपंच जवळ आले. चांगले धिप्पाड, भगवा फेटा बांधलेले.

“मॅडम, मंग नारळ हितूनच समदीकडं गेला म्हणायचा का?”

“तसं असेल तर कोकणात कळवावं लागेल. माझं माहेर गुहागरचं.”

“कळवा की. आमची काय हरकत न्हाई,” ते मोठ्या मनाने म्हणाले.

भूमिपूजन झालं. आमदारांनी सरांचं कौतुक केलं, सरांनी आमदारांचं. मग राजश्रीचं नाव पुकारलं गेलं. ती मोरपिशी साडी नेसली होती आणि माइक चालू आहे ना, हे तिने दोनदा ठोकून बघितलं. मी नारळाची फाइल उघडून ठेवली होती. सरांची नजर पडद्यावर होती. राजश्रीने सगळ्यांना नमस्कार केला, घसा खाकरला आणि माइकमध्येच म्हणाली, “ताई, दुसरी लावा.”

मी दुसरी लावली.

“या मडक्यात नारळ नव्हता,” राजश्री म्हणाली. “तो आमच्या प्रयोगशाळेतून त्यात आला. चूक आमची आहे.” मग तिने दोन्ही रेघा दाखवल्या, जुन्या लुगड्याचं उदाहरण दिलं, रिकाम्या नळीची गोष्ट सांगितली. एव्हाना ती पडद्याकडे न बघताच बोलत होती. “आपल्या गावातल्या कुणीतरी दोन हजार वर्षांपूर्वी या मडक्यात हुलगे शिजवले होते. कुणीतरी ते बसून खाल्ले. एवढं मात्र मी छातीठोक सांगते. बाकी काही नाही.”

सरपंच उठून उभे राहिले. “हुलगं? आमच्या पूर्वजांनी हुलगं खाल्लं?”

“मंग काय बदाम खात्याल व्हय?” बायकांच्या बाजूने कुणीतरी ओरडलं. “हुलग्याचं माडगं आपुन आजबी खातूच की!”

हशा झाला. आमदार हसले नाहीत. त्यांनी एकदा फलकाकडे पाहिलं, एकदा सरांकडे. सर खुर्चीतून उठले. त्यांचा चेहरा हळदीसारखा पिवळा पडला होता. ते चालत माइककडे निघाले तेव्हा मला वाटलं, संपलं. सहा वर्षं संपली. माझा करार संपला तो वेगळाच.

सरांनी माइक हातात घेतला. राजश्रीच्या खांद्यावर हात ठेवला.

“मित्रहो,” ते म्हणाले, “माझ्या विद्यार्थिनीने आत्ता जे केलं, ते करायला मीच तिला सांगितलं होतं.”

माझा हात लॅपटॉपवर तसाच राहिला.

“चूक लक्षात आली तेव्हा मला रात्रभर झोप नाही. सहकारी म्हणाले, सर, राहू द्या, कोण बघतंय! मी म्हणालो, नाही. लोकांसमोर नारळ आणला, तर लोकांसमोरच तो मागे घ्यायचा. विज्ञानाला फक्त बुद्धी पुरत नाही, छातीत दम असावा लागतो.” शेवटच्या शब्दाला त्यांचा आवाज भरून आला. खरोखर भरून आला. मला वाटतं, तोवर त्यांचा स्वतःचाही त्यावर विश्वास बसला होता.

टाळ्यांचा कडकडाट झाला. सर्वांत जोरात आमदारांनी वाजवल्या, कारण एवढं झाल्यावर फोटो काढायला काहीच हरकत नव्हती.

चहाच्या वेळी एक वार्ताहर राजश्रीकडे आला. हुशार असावा, वही न काढता आधी नीट बघून घेत होता. सर दोन पावलांवर कप घेऊन उभे होते. त्यांनी कप ओठांपर्यंत नेला होता, पण पीत नव्हते.

“मॅडम, एक विचारू? हे सांगायचं सरांनी ठरवलं, की तुम्ही?”

राजश्रीने माझ्याकडे पाहिलं नाही. सरांकडेही नाही. ती टेकडीकडे बघत होती.

“सरांनी,” ती म्हणाली.

सरांनी चहा प्यायला. कप खाली ठेवला आणि त्यांना एकदम आठवण झाली. “वाघमोडे, सहीचं पान बरोबर आहे का? मग आणा की, सोमवार कशाला हवा?” जीपच्या बॉनेटवर पान पसरून त्यांनी झोकात सही ठोकली. पेन त्या वार्ताहराचंच होतं. “आणि ते हुलग्यांचं प्रकरण जरा फुगवा. नारळ गेल्यामुळे प्रबंध अंगाने बारीक दिसेल.”

सर आता निवृत्त झालेत. ‘विज्ञानातला प्रांजळपणा’ या विषयावर त्यांना गावोगाव बोलावतात. मी एकदा ऐकायला गेले होते. त्यांच्या गोष्टीत रिकामी नळी त्यांची असते, ग्राफ त्यांनी काढलेला असतो आणि एक विद्यार्थिनी रडत असते, तिला ते धीर देतात. राजश्री आज एका कॉलेजात विभागप्रमुख आहे. हुलग्यांवरचं तिचं ते प्रकरण परदेशातले लोकही वाचतात. मला संस्थेने पुढच्या वर्षी कायम केलं, सरांच्या शिफारशीने. तेव्हा तक्रार करायची मला सोय उरलेली नाही.

पण त्या दुपारी मला तक्रारच करायची होती. सरांच्या जीपमध्ये हारतुरे आणि आमदारांचे लोक भरले, म्हणून आम्ही दोघी फाट्यावर एसटीची वाट बघत उभ्या होतो. मी रागाने लाल झाले होते.

“कशाला म्हणालीस सरांनी म्हणून?” मी विचारलं. “सगळ्या गावासमोर खरं बोललीस आणि एका माणसासमोर कच खाल्लीस!”

“नाही म्हटलं असतं तर सही झाली असती?”

“नसती झाली.”

“मडक्यातल्या हुलग्यांचं कुणी छापलं असतं?”

“ते माहीत नाही. पण खोटं ते खोटंच.”

ती सहीचं पान दोन्ही हातांनी छातीशी धरून उभी होती, वाऱ्याने उडू नये म्हणून. मग म्हणाली, “ताई, तुमचं सॉफ्टवेअर एखादं सॅम्पल शुद्ध आहे असं कधी म्हणतं?”

मला वाटलं ती विषय बदलतेय, म्हणून मी सवयीने सांगून टाकलं. शंभर टक्के शुद्ध जुनं सॅम्पल कुणालाच मिळत नाही. भेसळ दोन टक्क्यांच्या आत असली की आपण ते शुद्ध धरतो आणि पुढे जातो.

“मग आज पाच मिनिटं मी खरं बोलले,” राजश्री म्हणाली, “आणि एक शब्द खोटा. करा हिशेब.”

एसटी आली. तिने खिडकीची जागा धरली आणि शेजारी माझ्यासाठी पिशवी ठेवली. बस सुटेपर्यंत मी मनात खरोखरच हिशेब केला, कारण मी तसलीच आहे. भेसळ दोन टक्क्यांच्या कितीतरी आत बसत होती. माझ्या सॉफ्टवेअरने डोळे झाकून पास केलं असतं.

दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात पहिल्या पानावर सरांचा फोटो होता, आणि बातमीत राजश्रीचा तो एकच शब्द: ‘सरांनी’.